फ्लॉरेन्समध्ये रेनेसाँसच्या विसरलेल्या बायका शोधताना: एका दिवसाच्या पायी फेरीचं मार्गदर्शन

इटलीतल्या फ्लॉरेन्समध्ये बायकांचे चेहरे मोजायला बसलात तर आठवडा पुरणार नाही. भिंतीभिंतीवर मारिया आहे, व्हीनस आहे, संतिणी आहेत, सोन्याच्या जाळीत केस गुंफलेल्या नवऱ्या मुली आहेत. यातलं जवळजवळ सगळं पुरुषांनी काढलेलं. त्याच काळात, म्हणजे पंधराव्या-सोळाव्या शतकातल्या कलेच्या आणि विद्येच्या बहरात (रेनेसाँसमध्ये), त्याच शहरातल्या बायका चित्रं काढत होत्या, पत्रं लिहीत होत्या, ग्रंथ छापत होत्या, दुकानं विकत घेत होत्या. त्यांचं काम बघायचं तर रस्ता जरा वेगळा धरावा लागतो.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा 'रेनेसाँसमधल्या स्त्रिया' अशा नावाची एक गाइडेड फेरी घेतली होती. अडीच तास चाललो. कोण कोणाची ठेवलेली होती, कोणाला कोणी विष दिलं, एवढंच ऐकलं. एकाही बाईने केलेली एकही वस्तू दाखवली नाही. फार वाईट वाटलं. दुसऱ्या वेळी आई सोबत होती. तेव्हा मी स्वतः वाट आखली आणि अर्ध्या दिवसासाठी गाइड घेतली. तुम्ही पहिल्यांदाच जाणार असाल तर पहिल्या फेरीतला मनस्ताप तुम्हाला होऊ नये, म्हणून हे सगळं लिहिते आहे.

१. वार आधी ठरवा, मग बाकीचं

इथे सगळ्यात जास्त लोक फसतात. प्रत्येक जागेची सुट्टी वेगळ्या दिवशी असते. सान मार्कोचं संग्रहालय सहसा दुपारी दोनच्या आत बंद होतं आणि सोमवारचा भरवसा नसतो. कासा बुओनारोती, म्हणजे मायकेलअँजेलोच्या घराण्याचं घर, मंगळवारी बंद. फ्लॉरेन्सवर सत्ता गाजवलेल्या मेदिची घराण्याचा वाडा बुधवारी बंद. सांता मारिया नोव्हेला हे चर्च शुक्रवारी आणि रविवारी उशिरा उघडतं. हे सगळं जुळवून बघितलं की गुरुवार उरतो. शनिवारीही जमतं, पण गर्दी फार. वेळा मोसमाप्रमाणे बदलतात, म्हणून आदल्या संध्याकाळी प्रत्येक ठिकाणच्या अधिकृत संकेतस्थळावर एकदा बघून घ्या.

महिन्याच्या पहिल्या रविवारी सरकारी संग्रहालयं फुकट असतात. या फेरीसाठी मात्र तो दिवस टाळा. रांगेतच सकाळ जाते.

जुलै-ऑगस्टमध्ये दगडी रस्ते तापतात. आम्ही एप्रिलमध्ये गेलो होतो, आईला झेपलं. एकूण चालणं चार-पाच किलोमीटरचं, पण संग्रहालयांत उभं राहून पाय जास्त दुखतात.

२. गाइडला विचारायचे प्रश्न

इटलीत गाइडचा व्यवसाय परवान्याशिवाय करता येत नाही. ओळखपत्र दाखवायला सांगण्यात काही गैर नाही. त्यापलीकडे, पैसे भरण्याआधी एवढं विचाराच:

- फेरीत प्रत्यक्ष आत किती ठिकाणी जाणार? बऱ्याच फेऱ्या फक्त चौकाचौकात उभं राहून गोष्टी सांगतात.
- तिकिटं दरात धरली आहेत की वेगळी?
- गटात किती माणसं? दहाच्या वर असतील तर कानात लावायचं यंत्र मिळणार का?
- बायकांनी स्वतः केलेल्या कोणत्या वस्तू दाखवणार?

शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. उत्तरात प्लाउतिला नेल्ली या सोळाव्या शतकातल्या नन-चित्रकर्तीचं नाव आलं तर बिनधास्त पैसे भरा. नुसत्या मेदिचींच्या प्रेमप्रकरणांची यादी आली तर नमस्कार करून दुसरं माणूस शोधा.

३. जवळ काय हवं

- मूळ पासपोर्ट आणि व्हिसा. भारतीय पासपोर्टवर शेंगेन व्हिसा लागतो. प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो. प्रवास विमा किमान ३०,००० युरोंचा असावा लागतो.
- पासपोर्टवर आहे त्याच नावाने केलेली तिकिटं. 'आई' म्हणून आपल्या ओठांवर असलेलं नाव आणि पासपोर्टवरचं नाव वेगळं असतं, ते तपासून घ्या.
- मुलं सोबत असतील तर त्यांच्या वयाचा पुरावा. अठराच्या आतल्यांना सरकारी संग्रहालयांत तिकीट नाही, मग ती कोणत्याही देशाची असोत.
- ओढणी किंवा शाल. चर्चमध्ये खांदे आणि गुडघे झाकलेले लागतात.
- जाड तळव्याची, वापरून सैल झालेली चप्पल किंवा बूट. नवे बूट इथे पहिल्यांदा घालू नका.
- छोटी दुर्बीण असेल तर जरूर. कासा बुओनारोतीत छत बघायचं आहे.

४. सांता मारिया नोव्हेला: साडेनऊला दारात

रेल्वे स्टेशनसमोरच हे चर्च आहे. चर्च सुंदर आहे, पण आपल्याला त्याच्या संग्रहालयाचा भाग बघायचा आहे. हिरव्या ओवऱ्यांतून पुढे जाताना पाओलो उच्चेल्लोने रंगवलेला महाप्रलय दिसतो. सगळे गाइड तिथे थांबतात. तुम्हीही थांबा आणि त्याच्या मुलीची आठवण काढा. अंतोनिया नाव. ती नन होती आणि १४९१ मध्ये वारली. मृत्यूच्या नोंदीत तिच्या नावापुढे 'पित्तोरेस्सा', म्हणजे चित्रकर्ती, असं लिहिलं आहे. तिचं म्हणून ओळखता येईल असं एकही चित्र आज उरलेलं नाही. बापाची भिंत आहे, लेकीचा एक शब्द आहे.

मग जुन्या भोजनगृहात जा. तिथे प्लाउतिला नेल्लीचं 'शेवटचं भोजन' आहे, येशूचं शिष्यांसोबतचं.

प्लाउतिलाचा जन्म १५२४ चा. चौदाव्या वर्षी ती मठात गेली आणि पुढे मठाची प्रमुखही झाली. बायकांना कोणा गुरूच्या कार्यशाळेत शिकायची सोय नव्हती, नग्न देहावरून शरीररचना शिकायची तर परवानगीच नव्हती. ती चित्रं बघून बघून शिकली आणि मठातल्या बायकांना हाताशी धरून तिने कार्यशाळा चालवली. तिची चित्रं बाहेर विकली जायची. चित्रकारांची चरित्रं लिहिणाऱ्या जॉर्जो वासारीने आपल्या ग्रंथाच्या १५६८ च्या आवृत्तीत तिचं नाव घेतलं आहे. फ्लॉरेन्सच्या सरदारांच्या घरी तिची इतकी चित्रं आहेत की सगळी सांगत बसलं तर कंटाळा येईल, असं तो म्हणतो. पुरुषांसारखं शिकायला मिळालं असतं तर तिने अद्भुत काम केलं असतं, हेही त्यानेच लिहिलं. आज तिची हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच चित्रं ओळखीची आहेत.

हे चित्र सुमारे सात मीटर लांब आहे, माणसं पुऱ्या आकाराची. ते आधी तिच्या मठाच्या भोजनगृहात होतं. मठ बंद झाल्यावर ते इथल्या मठवासीयांकडे आलं आणि लोकांच्या नजरेआड राहिलं. चार वर्षं जीर्णोद्धार होऊन २०१९ मध्ये ते सगळ्यांसाठी मांडलं गेलं.

इथे पाऊण तास ठेवा. घाई करू नका. आधी लांबून पूर्ण बघा, मग जवळ जाऊन हात बघा. शिष्यांच्या मनगटांवरच्या शिरा फुगलेल्या आहेत, नखं आहेत, बोटांची पेरं आहेत. मग टेबल बघा. इतर बऱ्याच चित्रकारांच्या टेबलावर पाव आणि द्राक्षारसापलीकडे फारसं काही नसतं. हिच्या टेबलावर भाजलेलं कोकरू आहे, लेट्यूसचे गड्डे आहेत, बाकल्याच्या शेंगा आहेत, मीठ आहे. इस्त्रीच्या घड्या अजून मोडलेल्या नाहीत असं टेबलावरचं कापड आहे. आई कितीतरी वेळ त्या कापडाकडे बघत होती. म्हणाली, "हिने पंगती वाढल्या आहेत गं. कोणाला कुठे काय पोचायला हवं ते हिला ठाऊक आहे."

वर डावीकडे सही आहे: 'एस. प्लाउतिला, ओराते प्रो पिक्तोरा'. चित्रकर्तीसाठी प्रार्थना करा. 'पिक्तोरा' हे स्त्रीलिंगी रूप तिने मुद्दाम लिहिलं आहे. गाइडला ही सही दाखवायला सांगा. आपली आपण शोधायला वेळ लागतो.

५. व्हिया देल्ला स्काला, मग पालात्सो स्त्रोत्सी

चर्चच्या बाजूने निघणारा रस्ता म्हणजे व्हिया देल्ला स्काला. सान जाकोपो दी रिपोली नावाचा ननांचा मठ याच रस्त्यावर होता. १४७६ ते १४८४ या काळात तिथे छापखाना चालला आणि तिथल्या नना छपाईचे खिळे, म्हणजे धातूची अक्षरं, जुळवायच्या. युरोपात छपाई नवी नवी होती तेव्हाची ही गोष्ट. प्लेटोच्या ग्रंथांचं फ्लॉरेन्सच्या फिचिनो या विद्वानाने केलेलं लॅटिन भाषांतर १४८४ मध्ये याच छापखान्यातून बाहेर पडलं. आज रस्त्यावरून बघण्यासारखं विशेष काही नाही, म्हणून चालता चालता गाइडकडून ऐका आणि पुढे व्हा.

दहा मिनिटांत पालात्सो स्त्रोत्सी येतो. अंगणात जायला तिकीट लागत नाही. दगडी, भारदस्त, पुरुषी वाडा आहे हा. फिलिप्पो स्त्रोत्सीने १४८९ मध्ये पाया घातला. पण त्याआधी हे घराणं देशोधडीला लागलं होतं आणि ते सावरलं त्याच्या आईने, आलेस्सांद्रा माचिंगी स्त्रोत्सीने. १४३४ मध्ये नवऱ्याला शहरातून हद्दपार केलं आणि थोड्याच काळात तो परदेशी वारला. पदरात लहान मुलं. पुढे मुलांवरही हद्दपारी आली. ती फ्लॉरेन्समध्ये राहून कर, जमिनी, लग्नं सांभाळत राहिली आणि नेपल्सला मुलांना पत्रं लिहीत राहिली. त्यातली ७२ पत्रं १८७७ मध्ये छापली गेली.

हातात आलेलं पहिलंच पत्र १४४७ चं आहे. लेकीचं, कातेरीनाचं, लग्न रेशमाच्या व्यापाऱ्याशी ठरवल्याची बातमी. हुंडा हजार फ्लोरिन, म्हणजे फ्लॉरेन्सची सोन्याची नाणी. आणखी वरचं घराणं बघितलं असतं तर चौदाशे-पंधराशे मोजावे लागले असते, आणि त्यात माझाही सत्यानाश झाला असता, तुमचाही, असं ती स्पष्ट लिहिते. मग जावयाने किरमिजी मखमलीचा झगा शिवायला टाकला त्याचं वर्णन. पोर बाहेर पडेल तेव्हा अंगावर चारशे फ्लोरिनांहून जास्त असेल!

या पत्रांचा थोडा भाग आधी वाचून जा, इंग्रजीत भाषांतर मिळतं. मी अंगणातल्या बाकावर आईला तो भाग मराठीत सांगितला. आई म्हणाली, "ही तर थेट आपल्या बेबीआत्यासारखी हिशेब सांगते."

६. मेदिचींचा वाडा आणि सान लोरेन्सो

इथे अर्ध्या तासाहून जास्त घालवू नका, नाहीतर सान मार्को हातचं जाईल. व्हिया कावूरवरच्या मेदिचींच्या वाड्यात लुक्रेत्सिया तोर्नाबुओनी राहायची. तिची ओळख सगळीकडे 'लोरेन्सोची आई' अशी देतात; लोरेन्सो म्हणजे मेदिचींचा सगळ्यात नावाजलेला कर्ता पुरुष. ती कवयित्री होती. बायबलच्या कथांतल्या ज्यूडिथ, एस्थर, सुझाना या बायकांच्या कथा तिने पद्यात रचल्या. याच वाड्याच्या बागेत शिल्पकार दोनातेल्लोने घडवलेला ज्यूडिथचा पुतळा उभा होता. शिवाय तिला व्यवहार कळत होता: गरम पाण्याच्या झऱ्यांची एक जागा तिने भाड्याने घेऊन दुरुस्त करून चालवली. १४८२ मध्ये ती गेली तेव्हा लोरेन्सोने लिहिलं की आपल्या डोक्यावरचे कितीतरी भार उतरवणारं माणूस गेलं.

मागे सान लोरेन्सोच्या चर्चमध्ये आना मारिया लुइसा दे मेदिचीची समाधी आहे. ही खूप नंतरची, १७४३ मध्ये वारलेली, घराण्यातली शेवटची. पण तिच्यामुळेच आपण इथे काही बघू शकतो. १७३७ च्या करारात तिने अट घातली की घराण्याचा कलासंग्रह शहराबाहेर न्यायचा नाही. म्हणून उफित्सी हे कलासंग्रहालय अजून भरलेलं आहे. आपल्या माणसांना एक धागा सांगते: जुन्या गोव्यात बॉम जेझूच्या चर्चमध्ये सेंट झेवियरच्या पेटीखाली जो संगमरवरी चौथरा आहे, तो हिच्याच वडिलांनी, तिसऱ्या कोसिमोने, फ्लॉरेन्सच्या शिल्पकाराकडून घडवून पाठवलेला. १६९८ मध्ये तो तिथे उभा राहिला.

७. सान मार्को: साडेबाराच्या आत

पहिल्या फेरीत मी इथे दोन वाजता पोचले आणि बंद दार बघून परत फिरले. या चौकातच प्लाउतिलाचा सांता कातेरीनाचा मठ होता. संग्रहालयात तिचं आणखी एक मोठं चित्र आहे, येशूला क्रुसावरून उतरवल्यानंतरच्या शोकाचं. बायकांचे डोळे बघा. रडून रडून पापण्या लाल झाल्या आहेत, सुजल्या आहेत. सकाळचं टेबल डोळ्यांसमोर असतानाच हे चित्र बघायला हवं, म्हणूनच दोन्ही एकाच दिवशी धरा.

८. जेवण

शाकाहारी मंडळींनी घाबरायचं कारण नाही. रिबोल्लिता म्हणजे पाव, घेवडा आणि पालेभाजीचा दाट रस्सा, आणि पाप्पा अल पोमोदोरो म्हणजे टोमॅटोत शिजवलेला पाव. दोन्ही पोटभरीचं. रस्सा मांसाच्या पाण्यात केला आहे का ते विचारून घ्या. इथल्या पावात मीठ नसतं, तो शिळा किंवा बिघडलेला नाही. कॉफी उभ्याने प्यायली तर स्वस्त पडते, टेबलावर बसलात की दर वाढतो.

९. इनोचेंतीचं अनाथालय

सान मार्कोपासून पाच मिनिटांवर. वास्तुकार ब्रुनेलेस्कीच्या कमानींसाठी सगळे येतात आणि फोटो काढून जातात. तुम्ही आत जा. ५ फेब्रुवारी १४४५ ला इथे पहिलं बाळ आलं, मुलगी होती. तिचं नाव ठेवलं आगाता स्मेराल्दा. पुढेही टाकलेल्या बाळांमध्ये मुलीच जास्त असायच्या. त्यांना पाजणाऱ्या दायांना पगार मिळायचा आणि थोड्या मोठ्या झालेल्या मुली सूतकाम, विणकाम करायच्या. फ्लॉरेन्सच्या रेशीम-व्यापाऱ्यांच्या संघानेच हे घर बांधलं होतं.

संग्रहालयात छोट्या छोट्या खणांची एक भिंत आहे. खण ओढला की आत एखादं अर्धं तुटलेलं पदक, मणी, रिबिनीचा तुकडा. बाळासोबत ठेवलेली खूण. उरलेला अर्धा भाग आईकडे, कधी परत आलीच तर ओळख पटावी म्हणून. या वस्तू एकोणिसाव्या शतकातल्या आहेत, रेनेसाँसच्या नाहीत, हे गाइडने सांगितलं नाही तर लक्षात ठेवा. माझ्या आईने तीन खण उघडले आणि चौथ्याला हात लावला नाही. नाजूक मनाचं माणूस बरोबर असेल तर आधी सांगून ठेवा.

१०. कासा बुओनारोती: साडेतीनच्या आत

हेही लवकर बंद होतं, म्हणून इनोचेंतीतून वेळेवर निघा. व्हिया गिबेल्लिना, क्रमांक ७०. मायकेलअँजेलोच्या पुतण्याच्या मुलाने त्या थोर माणसाच्या गौरवासाठी सजवलेलं घर. वरच्या दालनाच्या छतात आर्तेमिसिया जेंतिलेस्कीचं चित्र आहे, हातात होकायंत्र धरलेली, ढगांवर बसलेली तरुणी. आर्तेमिसियाचा काळ काटेकोरपणे रेनेसाँसनंतरचा. तरी ही फेरी तिच्याशिवाय पुरी होत नाही, कारण प्लाउतिलाला जे दार बंद होतं ते हिने उघडलं: १६१६ मध्ये फ्लॉरेन्सच्या चित्रकारांच्या अकादमीत घेतलेली ती पहिली बाई. छताच्या या कामासाठी तिला बरोबरीच्या पुरुष चित्रकारांच्या तिप्पट पैसे मिळाले. तेव्हा ती गरोदर होती.

मूळ आकृती नग्न होती. पुढे घरातल्या मंडळींना संकोच वाटला म्हणून १६८० च्या दशकात दुसऱ्या चित्रकाराकडून तिच्या अंगावर निळं वस्त्र रंगवून घेतलं. अलीकडच्या तपासणीत क्ष-किरणांनी खालची आकृती दिसली, पण वस्त्र खरवडलं तर मूळ रंगाला इजा होईल म्हणून ते तसंच ठेवलं आहे. दुर्बीण इथे काढा. मांडीवरून जाणारी ती निळी घडी आणि खांद्याची त्वचा, दोन वेगळे हात सहज ओळखू येतात.

आर्तेमिसियाचं ज्यूडिथचं चित्र बघायचं तर उफित्सीत जावं लागेल. ते दुसऱ्या दिवसावर ठेवा आणि सकाळच्या पहिल्या वेळेचं तिकीट आधीच काढा.

११. ले मुराते: पाय सोडून बसायला

त्याच रस्त्याने पूर्वेकडे पाच-सात मिनिटं. 'मुराते' म्हणजे भिंतीत बंद करून घेतलेल्या. आर्नोवरच्या पुलावर छोट्या घरांत स्वतःला कोंडून राहणाऱ्या काही बायका १४२४ मध्ये इथे आल्या आणि त्यांचा मोठा मठ झाला. इथल्या नना पोथ्या नकलून द्यायच्या, सोन्याच्या तारेचं भरतकाम करायच्या, त्यावर मठ चालायचा. पुढे फ्रान्सची राणी झालेली कातेरीना दे मेदिची लहानपणी इथे ननांच्या आसऱ्याला होती. फोर्लीची लढवय्यी सरदारीण कातेरीना स्फोर्त्सा १५०९ मध्ये इथे पुरली गेली. तिने औषधं, लेप, अत्तरं आणि किमयेच्या चारशेहून जास्त कृती लिहून ठेवल्या होत्या. कृतींची वही नकलेतून टिकली, थडग्याची जागा मात्र आज सापडत नाही.

एकोणिसाव्या शतकात मठाचा तुरुंग झाला. आता कोठड्यांच्या जागी लोकांची घरं आहेत, खाली कॉफीचं दुकान आहे. गाइडचा निरोप इथेच घ्या. अंगणातल्या टेबलावर बसा, वर गजांच्या खिडक्यांत वाळत घातलेले कपडे दिसतील. आम्ही बसलो होतो तेव्हा कुणीतरी वरून पोराला जेवायला हाक मारत होतं.